तोफ घेतली, पुढे काय?

(यवतमाळ येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या भाषणाचा, वक्त्याने तपासून दिलेला मजकूर)



कापसाचा भाव, पीकविमा आणि कर्जवसुली हे विषय सोडून यवतमाळच्या अभ्यासवर्गात तोफा आणि दारूगोळा कशाला, असा प्रश्न एका तरुण साथीने मला सकाळी चहाच्या वेळी विचारला. प्रश्न रास्त आहे. त्याचे पहिले उत्तर कापसातच आहे. जिनिंगमध्ये रुई निघाल्यावरही सरकीला जी आखूड लव चिकटून राहते, जिला व्यापारात लिंटर म्हणतात, ती शुद्ध करून तिच्यावर नत्राम्लाची प्रक्रिया केली की नायट्रोसेल्युलोज तयार होते, आणि तोफेचा गोळा नळीबाहेर फेकणारी दारू त्याच्यापासून बनते. भंडाऱ्याची आयुध निर्माणी हेच काम करते. युरोपीय संघाने मार्च २०२३ मध्ये युक्रेनला वर्षभरात १० लाख गोळे देण्याचे कबूल केले आणि मुदत संपेपर्यंत त्यांतले निम्म्याच्या आसपासच देता आले. त्याच्या कारणांत या दारूची आणि तिला लागणाऱ्या लिंटरची टंचाई हेही एक होते. तेव्हा ज्याला आपण केवळ शेतमाल समजतो त्याचे एक टोक युद्धभूमीपर्यंत गेलेले आहे.

दुसरे उत्तर अधिक जवळचे आणि अधिक दुःखद आहे. वर्धा नदीच्या पलीकडे पुलगावला लष्कराचे केंद्रीय दारूगोळा भांडार आहे. देशभरच्या निर्माण्यांतून तयार झालेला माल तेथे येतो, साठतो आणि मग सीमेकडे जातो. ३१ मे २०१६ रोजी रात्री एकच्या सुमारास त्याच्या एका कोठारात आग लागून स्फोट झाले. दोन अधिकाऱ्यांसह १९ माणसे मेली, त्यांतील बहुतेक आग विझवण्यासाठी धावून गेलेले अग्निशमन कर्मचारी आणि संरक्षण सुरक्षा दलाचे जवान होते. आगरगावसारख्या आसपासच्या गावांतील लोक मुलेबाळे घेऊन रात्रीच बाहेर पडले. त्या वेळी कोणतेही युद्ध चालू नव्हते. शत्रूने काही केले नव्हते. विकत घेतलेली वस्तू विकत घेतल्यानंतर कशी ठेवली गेली, एवढ्याच प्रश्नापायी ती माणसे गेली. आजचा माझा विषय हा ‘विकत घेतल्यानंतरचा’ प्रश्न आहे, आणि माझे म्हणणे असे की तो विकत घेण्यापूर्वीच विचारायचा असतो.

लष्करी परिभाषेत याला रसदव्यवस्था किंवा लॉजिस्टिक्स म्हणतात. रसद म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर धान्याच्या गोण्या आणि खेचरे येतात. आजचा अर्थ त्याहून पुष्कळ व्यापक आहे. एखादे शस्त्र सेनेत आले की त्याचे सुटे भाग, त्याचा दारूगोळा, दुरुस्तीची हत्यारे, दुरुस्ती करणारी शिकलेली माणसे, नकाशे आणि पुस्तिका, साठवणीची कोठारे, वाहतुकीची वाहने, आणि अखेरीस ते निकामी झाल्यावर त्याची विल्हेवाट, हे सारे त्याच्यामागोमाग येते. पंचवीस-तीस वर्षे येत राहते. शास्त्र असे सांगते की या सर्वांचा विचार शस्त्राची गरज ठरवतानाच झाला पाहिजे, करार झाल्यावर नव्हे. कारण तोफेचा आराखडा ठरला की तिची दुरुस्ती किती वेळात आणि किती खर्चात होणार हे बहुतांशी ठरून जाते. मागाहून कारकुनाने कितीही काटकसर केली तरी त्यात फारसा फरक पडत नाही.

खर्चाचे प्रमाण काय असते? अमेरिकेच्या एफ-३५ या लढाऊ विमानाचे उदाहरण घ्या. तेथील सरकारी लेखापरीक्षण कार्यालयाने २०२४ साली दिलेल्या अंदाजानुसार त्या विमानांच्या विकासाचा आणि खरेदीचा खर्च सुमारे ४४२ अब्ज डॉलर, तर आयुष्यभर ती चालती ठेवण्याचा खर्च सुमारे १ लाख ५८ हजार कोटी डॉलर. म्हणजे विकत घेण्याच्या साडेतीनपट खर्च सांभाळण्यावर. आपण वर्तमानपत्रात वाचतो, भांडतो, मोर्चे काढतो ते सारे या पहिल्या आकड्यावर.

महाविद्यालयात असताना मी एक छोटा प्रयोग जवळून पाहिला. ते महाविद्यालय कोणते हे सांगण्याची गरज नाही. कुठल्याशा अनुदानातून एक मोठे जनरेटर आले. पूजा झाली, नारळ फुटला, छायाचित्र निघाले. डिझेलसाठी मात्र त्या अनुदानात तरतूद नव्हती, आणि नेहमीच्या खर्चातून ते घ्यावे तर लेखापालाच्या मते ते ‘योजनेतर’ होते. दोन पावसाळ्यांनी एक पट्टा तुटला. पट्ट्याची किंमत शंभर-दीडशे रुपये असेल. मी निवृत्त झालो तेव्हा त्या जनरेटरवर कबुतरे बसत होती. विद्यार्थ्यांना भांडवली खर्च आणि चालू खर्च यांतील फरक शिकवताना मला पाठ्यपुस्तकाची कधी गरज पडली नाही. खिडकीतून बोट दाखवले की पुरे.

योजना आणि योजनेतर हा भेद २०१७-१८ च्या अंदाजपत्रकापासून केंद्राने मोडीत काढला. पण संरक्षणखर्चात भांडवली आणि महसुली ही दोन कपाटे आजही वेगळीच आहेत. २०२५-२६ च्या अंदाजपत्रकात संरक्षणासाठी ६ लाख ८१ हजार २१० कोटी रुपये धरले होते. त्यांत १ लाख ८० हजार कोटी भांडवली होते आणि १ लाख ६० हजार ७९५ कोटी निवृत्तिवेतनाचे. नवे विमान, नवी तोफ, नवे जहाज भांडवली खात्यातून येते. दारूगोळा, सुटे भाग आणि दुरुस्ती मात्र महसुली खात्यातील ‘साहित्य’ या शीर्षाखाली पडते, जेथे पगार भागल्यावर उरलेल्या पैशांसाठी इंधनापासून कपड्यांपर्यंत सर्वांची ओढाताण चालते. करारात पहिल्या दोन-तीन वर्षांचे सुटे भाग बहुधा असतात. त्यानंतर तोफ एका कपाटाची आणि तिचा पट्टा दुसऱ्या कपाटाचा. भांडवली खर्चाची बातमी होते. मंत्री उभे राहतात, ध्वज दाखवला जातो. सुट्या भागांच्या पेटीला कोणी हार घालत नाही. मंत्रिमहोदय कोणत्याही पक्षाचे असोत, हा मोह सारखाच असतो.

आता बोफोर्सकडे येतो, कारण येथे आपल्यालाही आरसा पाहावा लागेल. २४ मार्च १९८६ रोजी ४१० तोफांचा सुमारे १४३७ कोटी रुपयांचा करार झाला. एप्रिल १९८७ मध्ये स्वीडनच्या नभोवाणीने दलालीची बातमी दिली. त्यानंतरच्या दोन-अडीच वर्षांत या जिल्ह्यातील किती गावांत आपण सभा घेतल्या याची आठवण येथील ज्येष्ठांना असेल. ६४ कोटी हा आकडा शाळकरी पोरांनाही पाठ झाला होता. दलालीची चौकशी झालीच पाहिजे होती आणि ती शेवटास गेली नाही याची खंत मला आजही आहे. परंतु त्या सभांतून आपल्यापैकी एकानेही, माझ्यासह, हा प्रश्न विचारला नाही की कंपनीशी व्यवहार बंद झाल्यावर उरलेल्या तोफांचे सुटे भाग कोठून येणार. व्यवहार तर थांबला. तोफा मात्र सेनेत होत्या, झिजत होत्या. पुढे अशी वेळ आली की एका तोफेचे भाग काढून दुसरीला बसवावे लागले, म्हणजे दुसरी चालावी म्हणून पहिली मेली. करारात तंत्रज्ञान हस्तांतरणाचा भाग होता. आराखड्यांचे कागदही आलेले होते. ते वर्षानुवर्षे पडून राहिले. त्यांच्या आधारे जबलपूरच्या निर्माणीत ‘धनुष’ तोफ तयार झाली आणि पहिल्या सहा तोफा सेनेच्या हाती पडल्या त्या एप्रिल २०१९ मध्ये. करारापासून तेहतीस वर्षे. ६४ कोटींचा हिशेब आपण मागितला; या तेहतीस वर्षांचा हिशेब कोणी मागितलाच नाही.

मधल्या काळात १९९९ साली कारगिल घडले. ज्या तोफेची आपण निंदा केली तिनेच डोंगरमाथे मोकळे करण्यास हातभार लावला, हे प्रामाणिकपणे मान्य करावे. त्या युद्धात सुमारे अडीच लाख गोळे, बॉम्ब आणि रॉकेटे वापरली गेली असे सांगितले जाते. साठा अपुरा आहे हे कळताच परदेशांतून घाईघाईने खरेदी सुरू झाली. महालेखापरीक्षकांनी त्या खरेदीचा जो अहवाल २००१ मध्ये दिला त्यातून निघाले ते असे की आणीबाणीच्या नावाखाली मागवलेला बहुतांश माल लढाई थांबल्यानंतर पोहोचला. आपल्या शेतकऱ्याला हे अर्थशास्त्र कोणी शिकवायला नको. मार्चमध्ये पैसा जुळला नाही म्हणून मृगाचा पाऊस पडल्यावर कृषिकेंद्रातून उधारीवर जे बियाणे घेतले जाते, त्याचा भाव आणि त्याची प्रत तो जाणतोच. अडलेला गिऱ्हाईक भाव करीत नसतो.

त्या वेळी संरक्षणमंत्री होते आपले जॉर्ज. त्यांच्या राजकारणाबद्दल, विशेषतः त्यांनी कोणाशी घरोबा केला याबद्दल, माझे आणि तुमच्यापैकी अनेकांचे मत कडवट आहे, आणि ते मी सौम्य करणार नाही. पण रसदीचा प्रश्न त्यांना कळला होता. सियाचीनवरील सैनिकांसाठी बर्फावर चालणाऱ्या गाड्या हव्या होत्या आणि दिल्लीत फाइलीवर हरकतींमागून हरकती चढत होत्या. तेव्हा हरकती घेणाऱ्या अधिकाऱ्यांना जॉर्जनी काही दिवस सियाचीनलाच राहून यायला सांगितले, आणि मग फाइल हलली. ही गोष्ट आपण कौतुकाने सांगतो. मला तीत कौतुकाइतकीच काळजीही वाटते. एका मंत्र्याच्या तऱ्हेवाईक धाडसावाचून गाडी मिळत नसेल तर पुढच्या मंत्र्याच्या वेळी काय होणार? त्याच जॉर्जना पुढे शवपेट्यांच्या खरेदीवरून संसदेत आणि रस्त्यावर काय काय ऐकावे लागले ते तुम्हाला ठाऊक आहे. २००९ साली सीबीआयने त्या प्रकरणात आरोपपत्र दाखल केले तेव्हा त्यात त्यांचे नाव नव्हते. तोवर ते ऐकून समजण्याच्या अवस्थेत राहिले नव्हते.

कारगिलनंतर खरेदीची लिखित कार्यपद्धती आली, ती २००२ पासून अनेकदा सुधारली गेली आणि २०२० मध्ये पुन्हा नव्याने लिहिली गेली. कागदावर ती वाईट नाही. शस्त्राची चाचणी घेताना ते केवळ किती दूर मारा करते एवढेच पाहू नये, तर ई.एम.ई.च्या तंत्रज्ञांनी ते उघडून, भाग काढून, पुन्हा बसवून दुरुस्तीस ते किती सुलभ आहे हे तपासावे अशी तरतूद तीत आहे. सुट्या भागांची यादी, विशेष हत्यारे, प्रशिक्षण हे कराराबरोबरच ठरवावे असेही आहे. आयुष्यभराच्या खर्चाचा विचार करून किंमत ठरवता येते, असेही लिहिलेले आहे. परंतु ‘करता येते’ आणि ‘केलेच पाहिजे’ यांमध्ये सरकारी फाइलीत फार मोठी दरी असते. सर्वांत कमी दराची निविदा उचलणे यात अधिकाऱ्याला धोका नाही. जास्त दराचे पण दुरुस्तीला स्वस्त असे यंत्र निवडले तर उद्या चौकशी त्याचीच. आपण विरोधी पक्षांनी घोटाळ्याच्या आरोळ्या ठोकताना हा भित्रेपणा वाढवण्यात थोडा हातभार लावला आहे, असे मला वाटते.

याचे फळ काय? माझगाव गोदीत बांधलेल्या स्कॉर्पिन वर्गाच्या पाणबुड्यांपैकी पहिली, ‘कलवरी’, डिसेंबर २०१७ मध्ये नौदलात दाखल झाली. तिच्यासाठी ठरवलेले जड टॉर्पेडो मात्र तिच्यापाशी नव्हते, कारण त्यांची खरेदी त्याआधीच रद्द झाली होती. नाशिकजवळ ओझरला बनणाऱ्या सुखोई विमानांपैकी निम्मीही एके काळी उड्डाणास सिद्ध नसत; मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना त्यांनी त्यात लक्ष घातले, तेव्हा मुख्य अडचण निघाली ती सुट्या भागांची. आणि सर्वांत बोलका दाखला दारूगोळ्याचा. घनघोर युद्ध चाळीस दिवस चालले तर पुरेल इतका साठा असावा असा दंडक. महालेखापरीक्षकांच्या २०१५ च्या अहवालाप्रमाणे मार्च २०१३ अखेर १७० प्रकारांपैकी फक्त १७ प्रकार त्या दंडकाला उतरत होते, आणि निम्म्या प्रकारांचा साठा दहा दिवसांचाही नव्हता. २०१७ च्या अहवालात आणखी एक गोष्ट आली. मोठ्या तोफांच्या गोळ्यांपैकी ८३ टक्के गोळे वापरण्याजोगे नव्हते, कारण त्यांना लागणारे फ्यूज, म्हणजे गोळा नेमका कधी फुटावा हे ठरवणारे टोकाचे यंत्र, पुरेसे नव्हते. गोळे होते, कोठारात रचलेले होते, हिशेबाच्या वहीत मांडलेले होते. फ्यूज नसलेला गोळा म्हणजे केवळ लोखंड आणि स्फोटक.

येथे यवतमाळकरांना एक आठवण करून द्यावीशी वाटते. २०१७ च्या फवारणीच्या हंगामात या जिल्ह्यात वीसहून अधिक शेतकरी आणि शेतमजूर विषबाधेने दगावले. औषध दुकानात मिळत होते, पंप मिळत होता. मुखवटा, हातमोजे, प्रशिक्षण, विषबाधा झाल्यावरचा नेमका उपचार, हे सारे कोणाच्या खात्यात होते? जी यंत्रणा शेतमजुराच्या हाती विष देऊन मोकळी होते तीच सैनिकाच्या हाती शस्त्र देऊन मोकळी होते. दोन्हीकडे विक्री झाली की कर्तव्य संपले.

पुन्हा पुलगावला येऊ. २०१६ च्या आगीनंतर जे प्रसिद्ध झाले त्यावरून असे दिसते की रणगाडाविरोधी सुरुंगांतून स्फोटक पाझरत होते आणि ते सदोष सुरुंग बराच काळ तसेच साठवलेले होते. दोष बनवणाऱ्यांचा की सांभाळणाऱ्यांचा, यावर लष्कर आणि निर्माण्या यांच्यात शब्दाशब्दी झाली. मला त्या वादात न्यायाधीश व्हायचे नाही. माल सदोष आहे हे कळल्यानंतर तो हलवायचा कोठे, निकामी करायचा कोणी आणि पैसे कोणत्या शीर्षातून, याचे उत्तर ठरलेले नसले तर कोठाराचे दार बंद करून फाइल पुढे पाठवणे हाच मार्ग उरतो. आगीच्या एक वर्ष आधीच्या त्याच २०१५ च्या अहवालात हेही नोंदवलेले होते की दारूगोळ्याच्या भांडारांत अग्निशमनाची साधने पुरेशी नाहीत. २८ एप्रिल २००० रोजी भरतपूरच्या भांडारात वाळलेल्या गवताने पेट घेतला आणि सुमारे १२ हजार टन दारूगोळा जळाला. खर्च वाचावा म्हणून ते गवत कापलेले नव्हते असे तेव्हा छापून आले होते. गवत कापणाऱ्या मजुरांची मजुरी किती झाली असती, हे येथील रोजगार हमीवर काम केलेल्या कोणत्याही साथीने सांगावे.

आणि पुलगावचाच दुसरा प्रसंग, ज्याच्याबद्दल महाराष्ट्रात दोन दिवस बोलले गेले आणि मग विसरले गेले. २० नोव्हेंबर २०१८ च्या सकाळी भांडाराजवळ सोनेगाव (आबाजी) येथील मैदानावर, जेथे जुना दारूगोळा जमिनीत पुरून नष्ट केला जातो, पेट्या उतरवताना स्फोट झाला. सहा जण मेले. माल जबलपूरजवळच्या खमारिया निर्माणीचा होता, मैदान लष्कराचे, मजूर कंत्राटदाराचे आणि त्यांपैकी बरेचसे आसपासच्या गावांतले. शेतीत काम नसले की ही माणसे तेथे जात. स्फोटानंतर जमिनीत उरलेले तांबे, पितळ, लोखंड वेचून भंगारात विकणे हेही तेथले एक उत्पन्न. एखाद्या गावातील माणसे फुटलेल्या बॉम्बचे तुकडे वेचायला का जातात, याचे स्पष्टीकरण विदर्भात द्यावे लागू नये. परंतु साऱ्या खरेदीच्या कार्यपद्धतीत, शेकडो पानांत, या माणसाला जागा नाही. शस्त्राचे आयुष्य ठरवताना त्याच्या मरणाचा खर्च कोणी धरत नाही. मग तो खर्च कंत्राटदाराकडे जातो आणि कंत्राटदार तो मजुराकडे देतो.

कामगारांबद्दल थोडे. संरक्षण कामगारांच्या चळवळीसाठी एस. एम. जोशींनी आयुष्याची कित्येक वर्षे दिली, हे नव्या साथींना ठाऊक असावे. भंडारा, भद्रावती, अंबाझरी, वरणगाव, खडकी, देहूरोड ही नावे आपल्या चळवळीच्या नकाशावरची आहेत. १ ऑक्टोबर २०२१ रोजी ४१ निर्माण्यांचे मंडळ बरखास्त करून सात कंपन्या करण्यात आल्या. त्याआधी काही महिने वटहुकूम काढून, मग कायदा करून, संपाला बंदी घातली गेली. निर्माण्यांत दोष नव्हते असे मी म्हणणार नाही. मालाच्या प्रतीबद्दल लष्कराच्या तक्रारी खऱ्या होत्या, आणि आपल्या संघटनांनी प्रतीच्या प्रश्नाकडे पगाराच्या प्रश्नाइतके लक्ष दिले नाही हेही खरे आहे. पण कंपनीला नफा दाखवायचा असतो, आणि तीस वर्षांपूर्वीच्या तोफेचा एखादा लहान भाग वर्षाला चाळीस नग बनवण्यात नफा नसतो. सरकारी निर्माणी तो बनवीत असे, कारण तिच्यापुढे दुसरा पर्याय नव्हता. हा भाग उद्या कोण बनवील, याचे उत्तर मला सात कंपन्यांच्या रचनेत सापडत नाही. २४ जानेवारी २०२५ रोजी भंडाऱ्याच्या निर्माणीत स्फोट होऊन आठ कामगार गेले. त्याआधी १७ डिसेंबर २०२३ रोजी नागपूरजवळ बाजारगावच्या खासगी स्फोटक कारखान्यात नऊ जण गेले, त्यांतील सहा स्त्रिया. मालकी सरकारी की खासगी हा वाद आपण घालूच. मरणारा माणूस दोन्हीकडे याच मुलखातला आहे.

अग्निवीर योजनेवर आपण टीका करतो ती बेरोजगारीच्या अंगाने. तीत आणखी एक मुद्दा आहे. रडार किंवा तोफेची यंत्रणा दुरुस्त करणारा हात तयार व्हायला वर्षे लागतात. चार वर्षांनी चारांतल्या तिघांना घरी पाठवायचे ठरल्यावर हा हात कोठे तयार होणार?

एक आक्षेप मला दिसतो आहे, तो कोणी विचारण्याआधीच घेतो. आपण शांततावादी परंपरेचे लोक. शस्त्रांवरचा खर्च कमी करा असे म्हणण्याऐवजी हा मास्तर देखभालीवर अधिक खर्च करा असे का सांगतो? साथींनो, ज्या देशाचे निम्मे शस्त्र दुरुस्तीअभावी बसून असते तो देश दुप्पट शस्त्र विकत घेतो, आणि तेही संकटाच्या वेळी, मिळेल त्या भावाने. खरेदी कमी व्हावी असे ज्याला वाटते त्याने घेतलेली वस्तू चालती ठेवण्याचा आग्रह आधी धरला पाहिजे. आणि अलिप्ततेच्या धोरणाशीही याचा संबंध आहे. १९९८ च्या अणुचाचण्यांनंतर अमेरिकेने निर्बंध घातले तेव्हा आपल्या नौदलाची सी किंग हेलिकॉप्टरे सुट्या भागांसाठी अडली, आणि ती तर आपण इंग्लंडकडून घेतली होती. रशिया आणि युक्रेन यांचे युद्ध २०२२ मध्ये पेटले तेव्हा दोन्ही देशांकडून येणाऱ्या भागांची चिंता एकदमच उभी राहिली. ज्याच्या हाती सुटा भाग त्याच्या हाती आपल्या परराष्ट्रधोरणाची एक दोरी.

म्हणून यापुढे कोणत्याही शस्त्रखरेदीची बातमी आली की दलाल कोण या प्रश्नाबरोबर आपण आणखी काही विचारत जाऊ. दहाव्या वर्षी आणि विसाव्या वर्षी ही वस्तू चालवायला किती पैसा लागेल, आणि तो अंदाज संसदेपुढे ठेवला आहे का. सुट्या भागांचे आराखडे आपल्या हाती येणार की केवळ जोडणी करणारे स्क्रू. दारूगोळ्याबरोबर फ्यूज त्याच मागणीपत्रात आहे की वेगळ्या. कोठाराचे बांधकाम माल येण्याआधी पुरे होणार की माल ताडपत्रीखाली वाट पाहणार. यांतला एकही प्रश्न देशाचे गुपित फोडणारा नाही. महालेखापरीक्षकांनी यांतले बरेचसे जाहीरपणे विचारलेले आहेत. मात्र अलीकडे त्यांचे संरक्षणविषयक काही अहवाल संकेतस्थळावर ठेवले जात नाहीत. ते मिळवून वाचणे हे आपल्या खासदारांचे काम, आणि खासदारांकडून ते करवून घेणे आपले.

येत्या अधिवेशनासाठी मी काही तारांकित प्रश्नांचा मसुदा लिहून आणला आहे, तो चहानंतर वाटला जाईल. त्यात दुरुस्त्या सुचवाव्यात. पहिला प्रश्न सोनेगावचा आहे: निकामी दारूगोळ्याच्या पेट्या उतरवणाऱ्या मजुरांची हजेरी कोणाच्या पटावर लागते, त्यांचा विमा कोणाच्या नावे निघतो, आणि ही नष्ट करण्याची किंमत मूळ खरेदीच्या कोणत्या करारात धरलेली होती.